नाओमी शिहाब नाय: मुलांसाठीच्या गोष्टी आणि कविता कुठून सुरू कराव्यात?

पाटीपेन्सिल

वाचनगटात ९ ते १३ वयाची मराठी मुलं आहेत. पुढच्या सत्रासाठी नाओमी शिहाब नाय यांची पुस्तकं घ्यायचं ठरतंय. ज्यांना नाव नवं आहे त्यांच्यासाठी थोडक्यात: जन्म १९५२, अमेरिकेतलं सेंट लुइस. वडील अझीझ शिहाब पॅलेस्टिनी, १९४८ मध्ये इस्रायल स्थापन होतानाच्या युद्धात जेरुसलेममधलं घर गमावून बाहेर पडलेले, पुढे अमेरिकेत पत्रकार झाले. आई अमेरिकन, जर्मन-स्विस घराण्यातली. नाओमी चौदा वर्षांच्या असताना, १९६६ मध्ये, सगळं कुटुंब जेरुसलेमच्या बाजूला राहायला गेलं आणि १९६७ चं अरब-इस्रायल युद्ध पेटायच्या आधी परत येऊन टेक्सासमधल्या सॅन अँटोनियोत स्थिरावलं. आजी खद्रा पॅलेस्टाइनमधल्या रामल्ला शहराच्या उत्तरेकडे सिंजिल नावाच्या गावात राहायची. तो काळ आणि ती आजी, या दोन गोष्टी त्यांच्या लेखनात पुन्हा पुन्हा येत राहतात.

'दोन संस्कृतींमधला पूल' असं त्यांच्याविषयी सगळीकडे लिहिलेलं असतं. मला वाटतं ते खरं आहे, कारण त्या उपदेश करत नाहीत. रोटी, लिंबाचं झाड, आजीच्या डोक्यावरचा रुमाल, न भरलेली सुटकेस अशा वस्तू समोर ठेवतात आणि त्यांतून परकं माणूस ओळखीचं होतं.

विचारायचं असं आहे: पुस्तकांचा क्रम काय ठेवावा? राजकारण येतं तिथे काय करावं? आणि इंग्रजी अर्धवट समजणाऱ्या मुलांना मराठीतून कसं ऐकवावं?

शेवंती

सुरुवात 'सित्तीज सीक्रेट्स'पासूनच करा (१९९४, चित्रं नॅन्सी कार्पेंटर; सित्ती म्हणजे आजी). बत्तीस पानांचं चित्रपुस्तक, तसं पाच ते आठ वर्षांच्या मुलांचं, पण तेरा वर्षांची मुलंही मान घालून बघतात. मोना नावाची अमेरिकन मुलगी पॅलेस्टाइनमधल्या गावी आजीकडे जाते. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही. आधी वडील मध्ये बसून सांगतात, मग त्या दोघी खुणा, गुणगुणणं आणि टाळ्या यांची आपली आपण भाषा करतात. परत आल्यावर मोना अमेरिकेच्या अध्यक्षांना पत्र लिहिते. गोष्ट एवढीच.

हे पुस्तक वाचताना बहुतेकांचं एक चुकतं. मोठी माणसं पानापानावर थांबून 'पॅलेस्टाइन म्हणजे काय' हे समजावत बसतात आणि मुलांचं लक्ष चित्रांवरून उडतं. पहिलं वाचन सलग करा, दहा-बारा मिनिटांत होतं. नकाशा दुसऱ्या वाचनाला काढा.

त्यानंतर 'द टर्टल ऑफ ओमान' (२०१४). मस्कतमधला आरिफ, आई-वडील शिक्षणासाठी तीन वर्षं मिशिगनला निघालेले, आणि त्याला सुटकेस भरायचीच नाही. आजोबा, म्हणजे त्याचे सिदी, शेवटच्या आठवड्यात त्याला घेऊन छोट्या छोट्या भटकंत्या करतात: वाळवंटातला मुक्काम, मासेमारी, कासवांचा किनारा. प्रकरणं लहान आहेत आणि मध्ये आरिफच्या वहीतल्या याद्या येतात. बैठकीला तीन-चार प्रकरणं आरामात होतात. पुढचा भाग 'द टर्टल ऑफ मिशिगन' २०२२ मध्ये आला.

'हबीबी' (१९९७) मात्र बारा वर्षांच्या खाली नको. त्याचा विषय खाली कुणीतरी काढेलच, तेव्हा कारण लिहीन.

मीठभाकर

शेवंतीताईंच्या यादीला +१. एक भर: 'सित्तीज सीक्रेट्स'मधली आजी घराबाहेरच्या गोल भट्टीत रोट्या भाजते. मुलं लगेच 'तंदूर' म्हणतात, तर फरक सांगून ठेवा. तंदुरात रोटी आतल्या भिंतीला चिकटवतात. पॅलेस्टाइनच्या खेड्यातला ताबून म्हणजे बुटका मातीचा घुमट, तळाला गोटे पसरलेले. जळण आत नसतं. शेणी, वाळका पाला किंवा ऑलिव्हचा चोथा बाहेरून घुमटाभोवती रचतात आणि तो हळूहळू धुमसत राहतो. रोटी तापलेल्या गोट्यांवर टाकतात, म्हणून तिच्या खालच्या बाजूला खळगे पडतात. घरी दाखवायचं असेल तर धुतलेले, पूर्ण वाळवलेले गुळगुळीत गोटे जाड बिडाच्या तव्यात पसरून ओव्हनमध्ये तापवा. नदीतले ओले गोटे थेट तापवू नका, आत मुरलेल्या पाण्याची वाफ होऊन फुटतात.

रानवाटा

मूळ कल्पनेबद्दलच शंका आहे. नाय इंग्रजीत लिहितात, टेक्सासमध्ये राहतात, अमेरिकन मुलांसाठी लिहितात. 'अरब लेखिका' म्हणून मुलांपुढे एकच नाव ठेवायचं आणि तेही इंग्रजीतलं, याने मुलांचा समज असा होईल की अरब आजी म्हणजे अमेरिकेतून विमानाने भेटायला जायची व्यक्ती. त्या आजीच्या शेजारी राहणारी मुलं काय वाचतात?

अनुस्वार

रानवाटा यांचा मुद्दा रास्त आहे. उत्तर मात्र नाय यांना वगळून नको, त्यांच्या शेजारी दुसऱ्या लेखिका ठेवून द्यावं.

लेबननच्या फातिमा शराफुद्दीन. जन्म बैरूतचा, लहानपण काही वर्षं सिएरा लिओनमध्ये, आता बैरूत आणि ब्रसेल्स. शंभराहून अधिक पुस्तकं. त्यांची 'फातेन' ही कादंबरी बैरूतमध्ये घरकामाला पाठवलेल्या खेड्यातल्या मुलीची आहे आणि तिचा इंग्रजी अनुवाद त्यांनी स्वतःच केला. लहान मुलांसाठी इब्न बतूता आणि इब्न सीना यांच्यावरची त्यांची चित्रपुस्तकं इंग्रजीत मिळतात. इब्न बतूता दिल्लीत महंमद तुघलकाकडे काझी होता, त्यामुळे आपल्या मुलांना तिथे लगेच धागा सापडतो.

जॉर्डनच्या तगरीद नज्जार. त्यांनी १९९६ मध्ये अम्मानला 'अल-सलवा' ही मुलांच्या पुस्तकांची प्रकाशनसंस्था काढली. गाझाच्या समुद्रात मासेमारीला उतरणाऱ्या मुलीवर त्यांची किशोरकादंबरी आहे.

पॅलेस्टाइनच्या सोनिया निम्र. लोककथा नव्याने सांगण्यात त्यांचा हातखंडा. 'वंडरस जर्नीज इन स्ट्रेंज लँड्स' ही पुरुषवेशात जग हिंडणाऱ्या कमर नावाच्या मुलीची कादंबरी. अरबी मूळ पुस्तकाला अरबी बालसाहित्यासाठीचा २०१४ चा एतिसालात पुरस्कार मिळाला, इंग्रजी अनुवाद मार्सिया लिंक्स क्वेली यांचा.

आणि एक अडचण जी नाय यांना येत नाही पण या तिघींना रोज येते. अरब मूल घरी बोली बोलतं आणि पुस्तकात प्रमाण अरबी भेटते. दोन्हींतलं अंतर आपल्या प्रमाण मराठी आणि मालवणीतल्या अंतरापेक्षा जास्त आहे. क्रियापदांची रूपं वेगळी, अगदी रोजच्या वापरातल्या शब्दांची रूपंही बदलतात. शिवाय छापील अरबीत ऱ्हस्व स्वर एरवी लिहीत नाहीत. मुलांच्या पुस्तकात प्रत्येक अक्षरावर स्वरचिन्हं द्यावी लागतात, ती चुकली तर वाचणारं मूल अडखळतं. म्हणून चांगल्या लेखिका छोटी वाक्यं आणि बोली-प्रमाण दोन्हींत सारखे असणारे शब्द निवडून घेतात. ही कारागिरी अनुवादात दिसत नाही, पण तिथल्या बालसाहित्याचा अर्धा कस तिथेच लागतो.

कोरीवही

'+१' एवढंच लिहून जाणार होते, पण कवितांबद्दल कुणीच बोललं नाही!

मुलांच्या हाती '१९ व्हरायटीज ऑफ गझेल' (२००२) द्या. ११ सप्टेंबर २००१ नंतर अमेरिकेत अरब नावाच्या माणसाकडे संशयाने पाहिलं जाऊ लागलं, तेव्हा त्यांनी मध्यपूर्वेवरच्या आपल्या जुन्या कविता एकत्र केल्या, काही नव्या लिहिल्या आणि हे पुस्तक किशोरांसाठी काढलं. ते नॅशनल बुक अवॉर्डच्या अंतिम यादीत होतं. दोन कविता नक्की घ्या. एक वडील आणि अंजिराच्या झाडाची: अमेरिकेत आयुष्य काढूनही वडिलांचा जीव अंजिरात, आणि शेवटी डॅलसमधल्या घराच्या परसात त्यांना हवं तसं झाड मिळतं. त्या कवितेत वडील मुलीला जोहाच्या गोष्टी सांगतात. जोहा म्हणजे मुल्ला नसरुद्दीनचाच अरब भाऊ, तेव्हा त्याची एखादी गोष्ट कवितेआधी सांगा, मुलं सावरून बसतात. दुसरी 'रेड ब्रोकेड': अनोळखी माणूस दारी आला तर तीन दिवस त्याला खाऊपिऊ घाला, मग विचारा तू कोण, कुठला, या अरब रिवाजावरची.

लिहायला लावायचं असेल तर 'वन बॉय टोल्ड मी' ही कविता घ्या ('फ्युएल', १९९८). त्यांच्या लहान मुलाने बोललेली वाक्यं टिपून, एकाखाली एक रचून झालेली. यावरून मुलांना करायला देता येतं ते असं. घरात धाकटं भावंड किंवा शेजारचं तीन ते पाच वर्षांचं मूल असेल त्याची वाक्यं आठवडाभर वहीत टिपायची. जशी आहेत तशी, व्याकरण न सुधारता. तीस-चाळीस जमली की त्यातली पंधरा ठेवायची. क्रम लावताना एकाच विषयाची दोन वाक्यं शेजारी आणायची नाहीत. यमक नाही, स्वतःचं एकही वाक्य घालायचं नाही.

बिघडतं ते दोन ठिकाणी. मोठी माणसं 'पाणी सांडलं की ते झोपतं' याचं 'पाणी जमिनीवर पसरतं' करून टाकतात. आणि गोंडस वाक्यंच निवडली जातात. हट्टाची, भीतीची, रागाची वाक्यंही हवीत, नाहीतर रचना गोडगोड होऊन विरते.

शाळांतल्या मुलांना त्यांचा नेहमीचा सल्ला रोज तीन ओळी लिहायचा आहे. तीनच. मुलांना हे प्रमाण झेपतं.

दर्यावर्दी

'टर्टल ऑफ ओमान'साठी पूरक माहिती देतो. ओमानमधला कासवांचा प्रसिद्ध किनारा म्हणजे रास अल-जिन्झ, अरबी द्वीपकल्पाच्या पूर्व टोकाजवळ. तिथे हिरवी समुद्री कासवं येतात. मादी रात्री वर येते, मागच्या वल्ह्यांनी खोल खड्डा करते, एका वेळी साधारण शंभर अंडी घालते, वाळू लोटते आणि पहाटेपूर्वी परत जाते. पिल्लं सुमारे दोन महिन्यांनी निघतात आणि उजेडाच्या दिशेने चालतात. काळोख्या किनाऱ्यावर तो उजेड समुद्राचा असतो, हॉटेलचे दिवे असले की पिल्लं उलट्या बाजूला जातात. मोठी झालेली मादी आपण जन्मलो त्याच भागातल्या किनाऱ्यावर अंडी घालायला परतते. परदेशी निघालेल्या मुलाच्या गोष्टीत कासव का आहे, हे मुलांना न सांगता कळतं. सांगू नका.

आपल्याकडचा दुवा खरा आहे आणि जवळचा आहे. त्याच अरबी समुद्राच्या अलीकडच्या काठावर, रत्नागिरी जिल्ह्यात वेळास आणि आंजर्ल्याला ऑलिव्ह रिडले कासवं येतात. जात वेगळी आणि आकाराने लहान, पण पद्धत तीच. वेळासला घरटी जाळीच्या कुंपणात सांभाळतात आणि पिल्लं सकाळ-संध्याकाळ समुद्रात सोडतात. पाहायला मार्च-एप्रिल चांगला. पुस्तक फेब्रुवारीत सुरू केलंत तर सहल बरोबर जुळेल. फ्लॅश वापरायचा नाही, पिल्लं हातात घ्यायची नाहीत, दोरीच्या अलीकडे उभं राहायचं.

मस्कतमध्ये मराठी कुटुंबं बरीच आहेत. तिथल्या मुलांना हे पुस्तक दिलंत तर आरिफचं शहर त्यांचंही आहे, आणि सुटकेस भरायची वेळ त्यांच्यावरही येतेच.

जुनापिंपळ

अवांतर वाटेल, पण आजीवाचून हा विषय पुरा होत नाही. पॅलेस्टाइनमध्ये 'हिकाया' नावाची कथनपरंपरा आहे. वयस्क बायका हिवाळ्याच्या रात्री घरात, बायका आणि मुलांच्या घोळक्यात गोष्टी सांगतात. सांगणारी बोलीत सांगते, आवाज बदलते, ऐकणाऱ्यांना मध्ये ओढते. युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत तिची २००८ मध्ये नोंद झाली. इब्राहिम मुहावी आणि शरीफ कनाना यांनी १९८९ मध्ये अशा ४५ कथा 'स्पीक बर्ड, स्पीक अगेन' या संग्रहात इंग्रजीत आणल्या. सांगणाऱ्यांत बायकाच जास्त. गोष्ट सुरू करताना देव एकच असल्याची साक्ष द्यायची आणि संपवताना 'पाखरू उडालं, तुमची रात्र चांगली जावो' असं म्हणायचं, ही तिथली रीत. आपल्या कहाण्यांचं 'साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण' मुलांना माहीत असेल तर दोन्ही शेवट त्यांना म्हणायला लावा.

नाय यांची सित्ती आणि सोनिया निम्र यांच्या लोककथा या एकाच घोळक्यातून आलेल्या आहेत. त्यामुळे रानवाटा म्हणतात तशी ही 'विमानाने भेटायची आजी' उरत नाही.

मीठभाकर

मघाशी एक राहिलंच. 'हनीबी' (२००८) मधली 'गेट ए-४' कुणी घेणार असेल तर सोबत मामूल करा. आल्बुकर्कच्या विमानतळावर भरतकामाचा पारंपरिक पोशाख घातलेली एक पॅलेस्टिनी बाई रडत असते, तिला वाटलेलं असतं उड्डाण रद्दच झालं. नाय मोडक्यातोडक्या अरबीत बोलतात, तिच्या मुलांना फोन लावतात, आणि थोड्या वेळाने ती बाई पिशवीतून मामूल काढून सगळ्या बायकांना वाटते. सगळ्यांचे हात पिठीसाखरेने पांढरे होतात.

मामूल म्हणजे खजूर भरलेली भाजकी करंजीच म्हणा, फक्त गोल आणि रव्याची. साधारण ३५ नगांसाठी: बारीक रवा ४०० ग्रॅम, मैदा १०० ग्रॅम, पातळ केलेलं साजूक तूप २४० ग्रॅम, पिठीसाखर ५० ग्रॅम, चिमूट मीठ. तूप रव्याला हाताने चोळून झाकून रात्रभर ठेवायचं. सकाळी चार टेबलचमचे गुलाबपाणी (नारिंगीच्या फुलांचं पाणी मिळालं तर निम्मं निम्मं) आणि लागेल तसं दोन-तीन चमचे दूध घालून हलक्या हाताने गोळा करायचा. मळायचा नाही. बिया काढलेला मऊ खजूर ४०० ग्रॅम, चमचाभर तूप आणि वेलची किंवा दालचिनी घालून वाटायचा. २५ ग्रॅमची पारी, आत १२ ग्रॅमची गोळी. साचा नसेल तर काट्याच्या चमच्याने वर नक्षी. १८० अंशांवर १८ ते २० मिनिटं.

भेगा पडल्या तर रवा पुरेसा भिजला नाही. दगडासारखे झाले तर दूध जास्त पडलं किंवा गोळा मळला गेला. वरून रंग येऊ द्यायचा नाही, खालून सोनेरी झाले की काढायचे. गरम असताना उचलले तर मोडतात. पिठीसाखर पूर्ण गार झाल्यावरच चाळायची, गरमावर ती विरघळून चिकट होते.

शेवंती

मीठभाकर, धागा पाककृती विभागात हलवायची वेळ आली :) पण हे मुलांबरोबर नक्की करण्यासारखं आहे. दाणे-अक्रोडाची ॲलर्जी असलेली मुलं असतात, म्हणून खजुराचंच सारण बरं. गव्हाची ॲलर्जी असेल तर मात्र रवाही चालत नाही, आधी विचारून घ्या.

रानवाटा

जुनापिंपळ आणि अनुस्वार यांचं पटलं. दुसरा आक्षेप तरीही राहतो. नाय यांच्या गोष्टींत जरा भाबडेपणा आहे. मोना अध्यक्षांना पत्र लिहिते. 'हबीबी'त लियाना या अरब मुलीची ओमर या ज्यू मुलाशी मैत्री होते आणि शेवटी तो तिच्या आजीच्या गावी जेवायला येतो. प्रत्यक्षात मध्ये चौक्या आहेत, तुरुंग आहेत. मुलांना हे देऊन आपण त्यांना खोटा दिलासा देतो का?

शेवंती

याचसाठी वर 'बारा वर्षांच्या खाली नको' म्हटलं होतं. 'हबीबी' नीट वाचलं तर गोड नाही. इस्रायली सैनिक आजीच्या घरात शिरून तिचं न्हाणीघर फोडतात. निर्वासित छावणीतल्या खालेदच्या पायाला गोळी लागते, आणि त्यात मध्ये पडले म्हणून लियानाच्या डॉक्टर वडिलांना अटक होते. वडील गप्प बसणारे आणि मुलगी प्रश्न विचारणारी, हा ताण पुस्तकभर आहे. ओमर जेवायला येतो तेही सगळ्यांना सहज पचत नाही.

काळही बघायला हवा. 'सित्तीज सीक्रेट्स' १९९४ चं, इस्रायल आणि पॅलेस्टिनी यांच्यातल्या ऑस्लो शांतता करारानंतरचं. 'हबीबी' १९९७ चं. त्या वर्षांत पत्र लिहिणाऱ्या मुलीला आशा असणं खोटं नव्हतं. नंतरच्या 'द टायनी जर्नलिस्ट' (२०१९) मध्ये नबी सालेह या पॅलेस्टिनी गावातल्या, मोबाइलवर निदर्शनांचं चित्रण करणाऱ्या मुलीवर कविता आहेत आणि तिथला सूर पुष्कळ कठीण आहे. पंचवीस वर्षांत लेखिकेचा आवाज कसा बदलला हे मोठ्या मुलांना दाखवता येईल.

वाचनगटात करायचं ते एवढंच: न्हाणीघर फोडण्याचा प्रसंग गाळू नका. तो वाचायच्या आधी १९४८ आणि १९६७ ही दोन सालं फळ्यावर लिहा, दोन वाक्यांत सांगा, आणि वाचून झाल्यावर निकाल देऊ नका. मुलं विचारतात 'पण न्हाणीघरच का?' हा प्रश्न त्यांचा त्यांना विचारू द्या.

रानवाटा

हं. 'टायनी जर्नलिस्ट' शेजारी ठेवायची कल्पना आवडली. तेवढ्याने माझा आक्षेप बराचसा मिटतो. पत्राबद्दल मत कायम आहे.

अनुस्वार

मराठीतून ऐकवण्याबद्दल.

नाय यांनी स्वतः अनुवादाचं काम केलंय, तीच पद्धत उचलावी. सल्मा खद्रा जय्यूसी (निधन २०२३) यांनी १९८० मध्ये 'प्रोटा' नावाचा प्रकल्प काढला, अरबी साहित्य इंग्रजीत आणण्यासाठी. तिथे काम दोन हातांनी व्हायचं: अरबी उत्तम जाणणारा माणूस आधी अर्थाला धरून कच्चा अनुवाद करायचा, मग इंग्रजीतला कवी त्याची कविता करायचा. नाय या दुसऱ्या हाताच्या. पॅलेस्टाइनमधल्या नाबलुसच्या फदवा तूकान आणि सीरियाचे मुहम्मद अल-मागूत यांच्या कविता अशा प्रकारे त्यांच्या हातून गेल्या. 'धिस सेम स्काय' (१९९२) या मुलांसाठीच्या संकलनात तर त्यांनी ६८ देशांतले १२९ कवी आणले. मला त्यांचं हे काम गोष्टींइतकंच मोलाचं वाटतं. स्वतःच्या आजीबद्दल लिहिणं एक आणि दुसऱ्यांच्या कवितांसाठी वर्षानुवर्षं जागा करून देणं वेगळं.

तर जोड्या लावा. इंग्रजी चांगलं असलेलं एक मूल, मराठी चांगलं असलेलं एक. पहिल्याने तोंडी अर्थ सांगायचा, दुसऱ्याने इंग्रजीकडे न बघता लिहायचं. मग दोघांनी मिळून ताडायचं: वस्तू सगळ्या आल्या का, कुणी काय केलं ते बदललं का, ओळी साधारण तितक्याच आहेत का.

हमखास अडतं ते असं. मुक्तछंदात इंग्रजी ओळीच्या टोकाला चित्र येतं, मराठीत टोकाला क्रियापद येऊन बसतं. दहा ओळी 'आहे', 'होते', 'असते'ने संपल्या की कविता हिशेबाच्या वहीसारखी दिसते. 'आहे' जमेल तिथे काढून टाका. बोलताना आपण क्रियापद आधी घेतोच ('आली एकदाची आजी'), ती मोकळीक वापरा. अरबी नावं, पदार्थ, सित्ती-सिदी तसेच ठेवा, पहिल्यांदा आले की संदर्भाने कळतील. तळटीपा नकोत, वाचणाऱ्याचा आवाज तुटतो.

कोरीवही

आजोबांना आरिफ 'तू' म्हणेल की 'तुम्ही'? इंग्रजीत तो प्रश्नच नाही.

अनुस्वार

सित्तीला 'तू', सिदींना 'तुम्ही'. बहुतेक मराठी घरांत असंच आहे आणि मुलांच्या तोंडात तेच बसेल. एकदा ठरलं की पुस्तकभर बदलू नका.

जुनापिंपळ

हक्कांचं कुणी बोललं नाही. गटात मोठ्याने वाचणं, मुलांनी वहीत अनुवाद करणं यात अडचण नाही. तेच अनुवाद ब्लॉगवर किंवा दिवाळी अंकात टाकायचे असतील तर परवानगी लागते, आणि ती प्रकाशकाकडून. 'गझेल', 'हनीबी', 'टर्टल' ग्रीनविलोची आहेत. 'फ्युएल' आणि 'टायनी जर्नलिस्ट' बीओए एडिशन्सची. परवानगी मागताना कवितेचं नाव, पुस्तक, पान, अनुवादाची भाषा, किती प्रती आणि विक्री होणार की नाही, हे सगळं पहिल्याच पत्रात लिहा. अर्धी माहिती दिली की पत्रव्यवहार लांबतो.

पाटीपेन्सिल

सगळ्यांचे मनापासून आभार. असं ठरवते: पहिली बैठक 'सित्तीज सीक्रेट्स', सलग वाचन, दुसऱ्या फेरीला नकाशा आणि मीठभाकर यांचा ताबून. मग फेब्रुवारी-मार्च 'टर्टल ऑफ ओमान', शेवटी जमलं तर वेळास. मध्ये एक बैठक फक्त कवितांची, अंजीर आणि 'रेड ब्रोकेड', आणि धाकट्या भावंडांची वाक्यं टिपायचं काम त्याच दिवशी देईन. बारा-तेराची मुलं वेगळी बसून 'हबीबी' आणि 'टायनी जर्नलिस्ट'मधल्या दोन-तीन कविता वाचतील. सोनिया निम्र यांच्या लोककथा सगळ्यांसाठी, दोन्ही शेवटांसकट. मामूल 'गेट ए-४'च्या दिवशी. रानवाटा, मोनाच्या पत्राचा प्रश्न मुलांसमोर तुमच्याच शब्दांत ठेवेन.

रानवाटा

जरूर ठेवा. आणि मुलांनी काय उत्तरं दिली ती इथे लिहा.

दर्यावर्दी

नकाशा मोठा छापून घ्या. शालेय नकाशावर सिंजिल बहुधा सापडणार नाही. रामल्लाहून नाबलुसकडे जाणारा रस्ता धरा आणि रामल्लापासून वीसेक किलोमीटरवर हाताने खूण करा.